धुतलेली बंडी

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोला नाही, आणि अमरावतीत राजापेठेत रोज संध्याकाळी ज्यांच्यासोबत ओट्यावर बसतो त्या मंडळींना तर नाहीच. आज सांगतोय ते मन हलकं करायला म्हणाल, तर तसंही नाही. मला राग आलाय म्हणून सांगतोय.

परवा आमच्याच ओट्यावर बसून शेजारचे वकीलसाहेब म्हणाले, “ती गोदा माळीण वारली म्हणे, नांदगाव पेठेत. बाई गुणाची, पण डोक्यानं अर्धवट. नवऱ्याच्या खुनाचा पुरावा सोताच्या हातानं धुऊन काढला.” सगळे हसले. मी हसलो नाही. वकिलाच्या तोंडावर हातातला चहा फेकावा असं वाटलं – आणि लगेच कळलं, की फेकायचाच तर तो माझ्याच तोंडावर. कारण ही गोष्ट पसरू दिली कुणी?

ते घडलं तेव्हा मी अकोल्याकडच्या एका तालुक्याच्या गावी सरकारी दवाखान्यात डॉक्टर होतो. गोदाचा नवरा गणपत माळी नाल्याकाठी वांगी, मेथी, मिरच्या पिकवायचा. अबोल माणूस. बाजाराला जाता जाता दवाखान्याच्या पायरीवर मेथीची जुडी ठेवायचा आणि मी बाहेर येईपर्यंत निघूनही गेलेला असायचा. त्याच्या मळ्याला नाल्याचं पाणी जायचं, ते तिथल्या पाटलाला खुपत होतं. पाटलानं आडवी माती टाकावी, गणपतनं ती काढावी – असं वर्षभर चाललं होतं.

एका दुपारी गणपतला बैलगाडीत घालून माझ्याकडे आणलं. आधीच मेलेला. पाटील म्हणाला, ज्वारीत डुक्कर शिरलं होतं, धुऱ्यावरून – शेताच्या बांधावरून – बार टाकला, पलीकडच्या तुरीत गणपत होता तो दिसला नाही. लांबून लागलं. नशीब त्याचं.

लांबून? आता जरा ऐका, कारण यातच सगळं आहे. ठासणीच्या बंदुकीत आधी दारू घालतात, तिच्यावर चिंधीचा बोळा ठासतात, मग छर्रे. लांबून बार लागला तर छर्रे पांगतात, अंगभर बारीक बारीक भोकं पडतात. बोळा तर चार पावलांवरच गळून पडतो. आणि नळी जवळ असली तर? तर छर्रे एकगठ्ठा शिरतात, एकच मोठं भोक पडतं, जळालेल्या दारूचे काळे कण भोवतालच्या चामडीत रुततात – आणि बोळाही आत जातो.

गणपतच्या छातीवर, गळ्याच्या जरा खाली, एकच भोक होतं. मानेपर्यंत काळे ठिपके. आणि आत, चिमट्याला लागला तो बोळा – लाल कापडाचा, हळदीचे डाग असलेला.

ते कापड मी ओळखलं. कसं ओळखणार नाही? दसऱ्याला पाटलाच्या वाड्यावर शस्त्रपूजा असायची. बंदूक लाल कापडावर मांडायचे, आणि पूजा झाली की ते कापड पाटील जपून ठेवायचा. वर्षभर त्याच्याच चिंध्या फाडून बंदुकीत ठासायचा. त्याशिवाय नेम लागत नाही, असं तो छाती काढून सांगायचा. मला त्याच्या शेजारी गादीवर बसवायचे. त्या बंदुकीच्या नळीला हळदकुंकू मी माझ्या बोटांनी लावलं होतं, आणि वर म्हणालो होतो, “काय देखणी आहे हो.”

संध्याकाळी पाटील दवाखान्यात आला. मला धमकी दिली असती तर आज सांगायला तेवढं तरी असतं. नाही दिली. खुर्चीवर बसला, पाणी प्यायला, म्हणाला, “डाक्टर, तुमी शिकलेले मानसं. आमाले का समजते त्यातलं? तुमाले जे दिसलं ते लिहा.” आणि गेला. एवढंच. एवढ्यावर मी मोडलो. बोळा स्टोव्हवर जाळला. ठिपके लिहिलेच नाहीत, भोक एकच होतं हेही नाही. जखम लांबून झालेली असू शकते, असं लिहून टाकलं. गादीवरची जागा जाईल याची भीती होती, की पाटलाचीच भीती होती? तेव्हाही नीट कळलं नाही, आणि आता कळून कुणाला काय फायदा?

पण थांबा – हे मी नुसतं खोटं लिहिलं, एवढ्यावर सोडू नका. पुढचं याहून वाईट आहे.

गणपतला आधी घरी आणलं तेव्हा गोदानं त्याची रक्तानं भिजलेली बंडी उतरवली होती, तोंड-मान ओल्या फडक्यानं पुसली होती, आणि स्वच्छ धोतर पांघरून मगच माझ्याकडे पाठवलं होतं. पुढे फौजदारानं कपडे मागितले. तर तिनं ती बंडी राखेनं घासून, दगडावर आपटून धुतली, वाळवली, आणि भोकाला ठिगळ लावून, घडी करून नेऊन दिली. साहेबापुढे नवऱ्याचं फाटकं, रक्तानं भरलेलं कसं नेऊन टाकायचं? आपल्याकडची कुठली बाई टाकेल? तिनं नवऱ्याची अब्रू राखली हो. दुसरं काय केलं?

अकोल्याच्या कोर्टात ती घडी उलगडली तेव्हा पाटलाच्या वकिलानं ठिगळावर बोट ठेवलं आणि लोक खसखसले. मग मला विचारलं, बंडीवरून अंतर सांगता येईल का? मी म्हणालो, “कापडावर जळाल्याची, दारूची खूण असती तर सांगता आलं असतं. पण कापड धुतलेलं आहे.”

या वाक्यात एक शब्द खोटा नाही. कुठेही, कुणापुढेही शपथेवर म्हणावं असं वाक्य. त्या खऱ्या वाक्यानं मी त्या बाईला गाडलं. पाटील सुटला – चुकून झालेला प्रकार म्हणून – आणि गावाला, दिराला, जातभाईंना कारण सापडलं: गोदानं बंडी धुतली म्हणून सुटला. दीर कोर्टाच्या आवारातच तिच्यावर ओरडला, “तुनंच मारलं त्याले, दुसऱ्यांदा!” मी टांग्यात चढत होतो. ऐकलं, आणि चढलो. बंडी न्हाणीत गेली तरी बोळा माझ्या चिमट्यात होता, ठिपके माझ्या डोळ्यांपुढे होते. तिच्या धुण्यानं काहीही गेलं नव्हतं. जे गेलं ते माझ्या स्टोव्हवर गेलं.

दिरानं तिला घरात राहू दिलं नाही. ती भावाकडे नांदगाव पेठेत आली, त्याच्या मळ्यातली भाजी अमरावतीत विकू लागली. माझीही बदली अमरावतीला झाली. कशी झाली, कुणी शब्द टाकला, ते मी विचारलं नाही. पाटील अजून धडधाकट आहे, अजून दसऱ्याला बंदूक पूजतो, आणि हसतात कुणाला? तर तिला.

एकदा ती टोपली घेऊन आमच्या दारी आली. मला ओळखलं. पदर सावरून पायरीवर बसली. मग म्हणाली, “साहेब, एक पुसू का? लई दिवसाचं मनात हाये. त्याच्या मानीवर काळे ठिपके होते. मी ओल्या फडक्यानं किती पुसले, निंघालेच नाई. ते काय होतं?”

बघितलंत? तिनं पाहिलं होतं. साक्ष तिच्या हाताखालून गेली होती, आणि ती मलाच विचारत होती. कोर्ट नव्हतं, पाटील नव्हता, वकील नव्हता. दारात फक्त ती आणि मी. खरं सांगायला तिथे माझं काय जाणार होतं? एवढंच म्हणायचं होतं – बाई, तुझ्या धुण्यानं काही झालं नाही.

मी म्हणालो, “माती असेल. काळी माती चामडीला धरून राहते.”

तिनं हळूच मान हलवली. “मंग मीच नीट पुसलं नसन,” ती म्हणाली. “बंडी तेवढी नको तिथं धुतली, आन् त्याले नीट पुसलं नाई.”

मग तिनं टोपलीतली मेथीची एक जुडी काढून पायरीवर ठेवली आणि गेली. ती मेथी त्या दिवशी आमच्याकडे जेवणात होती. मी पुन्हा वाढून घेतली.