सैल झाकणाचं पाणी

"हिपॅटायटिस ई आहे," बुलढाण्याचे डॉक्टर रिपोर्ट वाचत म्हणाले. मग त्यांनी मान वर केली. "एरवी मी 'घाबरू नका' म्हणालो असतो. पण यांना आठवा महिना आहे. आजच संभाजीनगरला न्या, इथं थांबू नका."

माझी मुलगी प्रज्ञा बाकावर भिंतीला टेकून बसली होती. डोळे हळद घातल्यासारखे पिवळे. पहिलं बाळंतपण माहेरी म्हणून मी तिला बुलढाणा जिल्ह्यातल्या धाड गावाजवळच्या आमच्या गावी आणली होती. जपायला आणली होती.

हिपॅटायटिस ई म्हणजे घाण पाण्यातून होणारी कावीळ. यकृताला सूज येते. धडधाकट माणसाला ती बहुधा अंथरुणावर पाडते आणि निघून जाते. पोटुशी बाईच्या शेवटच्या महिन्यांत तीच जिवावर उठते. मला हे माहीत नव्हतं. तुमच्या घरी कुणी पोटुशी असेल तर तुम्हाला आजच माहीत असावं, म्हणून हे लिहिते आहे.

सुरुवात मळमळीनं झाली. दिवस गेलेल्या बाईला मळमळायचंच, असं म्हणून आम्ही सोडून दिलं. मग तिची अन्नावरची वासना उडाली, लघवी गडद पिवळी झाली, अंगाला खाज सुटली. शेजारणीनं कावीळ उतरवणाऱ्या बाबाचं नाव सांगितलं. जावयानं ते मनावर घेतलं नाही, हे आमचं नशीब.

संभाजीनगरला दोन नवे शब्द शिकले. बिलिरुबिन म्हणजे कावीळ किती चढली त्याचा आकडा. पीटी-आयएनआर म्हणजे रक्त गोठायला किती वेळ लागतो ते. यकृत थकलं की रक्त गोठत नाही, आणि अशात बाळंतपण झालं तर रक्तस्राव थांबवणं कठीण. रोज सकाळी तपासणीसाठी रक्त घ्यायचे आणि आकडा येईपर्यंत आम्ही बाकड्यावर. तिथली डॉक्टर मुलगी वयानं प्रज्ञाएवढीच. आकडा वाढला तर तोही ती समोर बसून सांगायची. तिचे उपकार मी विसरणार नाही.

घरात आणखी कुणाला कावीळ झाली का, असं तिनं विचारलं. नाही म्हटलं. मग ही वेगळं काय खाते-पिते? मी म्हटलं, काहीच नाही, सगळ्यांचं ताट सारखंच. बोलता बोलताच मी थबकले.

आमच्याकडे नळाला आठ-दहा दिवसांनी पाणी येतं. ते साठवायचं, उकळायचं, गार करून माठात ओतायचं, ही आमची रीत. पण लेक पोटुशी, ऊन मी म्हणणारं. तिला हे साठवणीचं पाणी कसं पाजायचं? म्हणून तिच्या एकटीसाठी मी जार लावला. निळा, थंडगार, वर 'शुद्ध व शीतल' लिहिलेला. बाकी आम्ही माठातलं प्यायलो आणि ठणठणीत राहिलो. लाड तिचा एकटीचा झाला.

मी उठून बाहेर आले, तर नातेवाइकांच्या बसायच्या जागी तसाच निळा जार. तसंच सैल झाकण, साखळीला बांधलेला पेला. एक बाई त्यातलं पाणी लेकराला पाजत होती.

पुढे प्रज्ञा भलतंसलतं बोलायला लागली. एन्सेफॅलोपॅथी, डॉक्टर म्हणाली. यकृताला रक्तातली घाण गाळता येत नाही, ती मेंदूपर्यंत पोचते. मी कपाळावर हात ठेवला, तर प्रज्ञा मला म्हणाली, "काकू, माह्या आईले बोलावता का जरा?"

त्याच दिवशी कळा सुरू झाल्या. मुलगी झाली, एवढीशी, तिला काचेच्या पेटीत ठेवलं. जावयाच्या मित्रांनी रक्त दिलं. आम्ही नातीचा आनंद करायलाही भीत होतो. मग एका सकाळी आकडा उतरला, दुसऱ्या दिवशी आणखी. एका दुपारी प्रज्ञानं डोळे उघडून मला ओळखलं आणि म्हणाली, "आई, भूक लागून राह्यली." मी त्या वॉर्डात सगळ्यांसमोर रडले.

गावी परतल्यावर घरात पडलेल्या रिकाम्या जारमध्ये फडकं घालून फिरवलं. बुळबुळीत हिरवं शेवाळ हाताला आलं. मग जारवाल्याकडून नवा जार आणून त्याच्या पाण्याचा नमुना पैसे भरून प्रयोगशाळेत तपासायला दिला. आपल्या देशाचं मानक सांगतं की पिण्याच्या पाण्यात ई-कोलाय हा जंतू अजिबात नको. हा जंतू विष्ठेतून येतो. साध्या मराठीत, गू. आमच्या नमुन्यात तो होता. मी माझ्या पोटुशी लेकीला थंड करून गू पाजला होता.

जारवाल्याच्या शेडमध्ये गेले. संडासाच्या शोषखड्ड्याशेजारी बोअर, पाणी गार करायचं यंत्र, आणि एकाच टाकीत बुचकळून काढलेले जार. तो शांतपणे म्हणाला, "काकू, मी पाणी थंड करून देतो. शुद्ध हाय असं मी कवा म्हनलं? बोर्ड तं पेंटरनं लिवला."

ग्रामपंचायतीत म्हणाले, ना-हरकत आम्ही दुकानाला दिली, पाण्याला नाही. पाणी तपासणारे म्हणाले, आम्ही सरकारी विहिरी आणि नळच पाहतो. शेवटी अन्नपदार्थ तपासणाऱ्या साहेबांसमोर रिपोर्ट ठेवला. त्यांनी तो वाचला आणि परत सरकवला.

"मॅडम, या जारला सील नसतं. सील नाही म्हणजे हे पॅकबंद पाणी नाही. आमच्या नियमात पॅकबंदच येतं."

"मग हे काय आहे?"

"थंड पाणी," ते म्हणाले.

म्हणजे झाकण घट्ट लावलं तर कायदा लागतो, सैल ठेवलं तर सुटका. मला त्या खुर्चीचीच किळस आली. ज्या पाणवठ्याला शिवायची आमच्या आज्या-पणज्यांना बंदी होती, ते पाणी आता जारमध्ये भरून सगळ्यांच्या दारात येतं, आणि सगळ्यांना सारखंच घाण. समता आली ती अशी. मी तक्रार लेखी दिली आहे. जारवाल्याची गाडी आजही सकाळी गल्लीतून जाते.

प्रज्ञा बरी आहे, अजून लवकर दमते. दवाखान्यातून सोडताना डॉक्टर मुलीनं बजावलं होतं, बाळाला सहा महिने फक्त आईचं दूध, पाण्याचा थेंबही नको. इतके दिवस मी निर्धास्त होते. आमच्या गावात खात्रीचं पिणारी ती एकटीच होती.

रविवारी नातीचं उष्टावण आहे. खिरीच्या बोटानंतर तिला पहिला घोट पाणी मिळेल. जावई विचारत होते, माणसं बरीच येतील, जार सांगू का? मग स्वतःच खाली मान घालून अंगणात चूल मांडायला गेले. मोठा हंडा चढवणार आहोत, चांगली उकळी फुटू देणार आहोत.

तुम्हीही या. पाणी कोमट मिळेल.