सेकंडहँड ओवाळणी

आधी च्या पिऊन घ्या. कप पुरता रिकामा करा. मी जे सांगणार आहे ते ऐकून तुम्ही हसणार, तुम्हाला ठसका लागणार आणि डाग माझ्या शर्टावर पडणार. शर्ट सेलमधला आहे, पण नवा आहे.

आणि एक गोष्ट आताच बजावून ठेवतो. पचका झाला आणि तो माझाच झाला, हे कबूल. पण चूक? चूक माझी मुळीच नव्हती. शेवटी तुम्हीच ठरवा. ठरवाल तुम्ही माझ्याच विरुद्ध, हे मला माहीत आहे. तरी ठरवा.

आमचं घराणं माळ्याचं. अंजनगावला मळा आणि अमरावतीला ठोक भाजीचा गाळा. मी आणि माझी धाकटी बहीण वैशाली, आम्ही दोघं भाव करत करतच मोठे झालो. दुकानदारानं सांगितलेल्या भावात आमच्याकडे कोणी वस्तू घेऊन आला, तर आमची माय त्याच्या कपाळाला हात लावून पाहते. सांगितलेला भाव म्हणजे बोलणं सुरू करायची जागा. तिथंच थांबणारा माणूस आम्हाला आजारी वाटतो.

वैशू लग्न होऊन अकोल्याला गेली. लहानपणी अंजनगावला एका दुकानात तासाच्या भाड्यानं व्हिडिओ गेम खेळायला मिळायचे. तिथं आम्हा दोघांना जे वेड लागलं ते काही सुटलं नाही. मी चाळिशीला टेकलो, तरी खेळतो. "हे पोट्ट्यायचे धंदे" असं म्हणणारे भेटतात. ते स्वतः दिवसभर मोबाइलवर दुसऱ्यांच्या लग्नातली जेवणं पाहत बसतात, म्हणून मी त्यांचं मनावर घेत नाही.

तर मागच्या भाऊबीजेला मी वैशूला गेम खेळायची मशीन ओवाळणीत घातली. कशी घेतली ते ऐका. दुकानात दोन खोकी शेजारी शेजारी ठेवलेली. कंपनी तीच, नाव तेच, चित्र तेच. एकाची किंमत मात्र चांगलीच कमी. तुम्ही कोणतं उचललं असतं? मीही तेच उचललं. दुकानदार मध्ये मध्ये सांगू पाहत होता, की भाऊ, या दोघांत फरक असा आहे की... मी म्हटलं, फरक मला दिसला, किमतीत आहे, बिल कर. स्वस्ताकडे वळलेल्या गिऱ्हाइकाला महागाकडे कसं ओढायचं, हे मला कोणी शिकवू नये. मी गाळ्यावर रोज तेच करतो.

त्यानंतर वर्षभर ही हकीकत मी सांगत फिरलो. साखरपुड्यात सांगितली, तेरवीत सांगितली. लोक त्याच मशीनला जास्तीचे पैसे मोजतात आणि आपण पाहा, असं. वैशूच्या सासऱ्यांना तर मी ती इतक्यांदा ऐकवली की पुढे पुढे तेच मला मधले शब्द पुरवायला लागले.

यंदा दिवाळीच्या आधी वैशूचा फोन आला.

"दादा, औंदा साडी नको आनू. एक गेम हाये. दोघायनं मिळून खेळाचा. एकट्याले पुढं जाताच येत नाई त्याच्यात. तो घेऊन दे आन दिवसभर राह्य इकडं."

मला भरून आलं. लग्न झाल्यापासून आम्ही दोघं एका पडद्यासमोर असे बसलोच नव्हतो. कधी तिच्या सासरचे पाहुणे, कधी माझा गाळा. या भाऊबीजेला बहिणीसोबत बसून तो गेम खेळायचाच, असं मी तिथल्या तिथं ठरवून टाकलं.

तिनं त्या गेमची लिंक पाठवली. मी किंमत पाहिली आणि मोबाइल पालथा ठेवला.

अहो, त्या पैशात पोतंभर वांगी येतात. आणि वस्तू काय मिळणार? काहीच नाही. हवेतून उतरणार आणि मशीनमध्ये जाऊन बसणार. जी वस्तू हातात घेऊन दाबता येत नाही, उलटीपालटी करता येत नाही, तिला पुरे पैसे द्यायचे? भाव कोणाशी करायचा, मोबाइलशी? मी वैशूला सांगितलं, लिंकचं राहू दे, मी पाहतो. तिला वाटलं, दादा पैसे भरणार. माझ्या मनात सेकंडहँड डिस्क होती. दोघंही आपापल्या जागी खूश होतो.

जयस्तंभ चौकाच्या मागं जुन्या डिस्का विकणारा एकजण बसतो. त्याच्याकडे नेमका तोच गेम निघाला. मी डिस्क उजेडात धरली, एक ओरखडा शोधून काढला आणि कोणीतरी गेल्यासारखं तोंड केलं. त्यानं भाव उतरवला. मी दुकानाबाहेर पडलो, त्यानं बोलावलं. पुन्हा पडलो, पुन्हा बोलावलं. शेवटी सौदा असा पटला की त्याचं तोंड पाहून मलाच त्याची दया आली. तरी मी विचारलं, वरून काय देता? त्याला काही समजेना. मी म्हटलं, भाऊ, भाजी घेतली की वरून सांबार देता की नाही?

आमच्याकडे सांबार म्हणजे कोथिंबीर. पुण्याच्या मंडळींनी इडली डोळ्यांसमोर आणू नये.

तर त्यानं सांबार म्हणून आणखी दोन डिस्का दिल्या. एक मासे पकडायच्या गेमची आणि एक इतक्या जुन्या फुटबॉलची, की त्यातले खेळाडू आता नातवंडं खेळवत असतील. एकाच्या पैशात तीन. बडनेरा येईपर्यंत मी पिशवीत हात घालून त्या चाचपत होतो आणि मूर्तिजापूर येईपर्यंत शेजारच्या प्रवाशाला सगळी हकीकत सांगून झाली होती.

अकोल्याला पोचलो. फराळ झाला. ओवाळणं संध्याकाळी होतं, पण माझ्यानं राहवेना. मी तिन्ही डिस्का वैशूच्या हातावर ठेवल्या. तिनं त्या पाहिल्या, नवऱ्याकडे पाहिलं, पुन्हा डिस्कांकडे पाहिलं. म्हणाली, छान हायेत दादा, रात्री पाहू. जावईबापू शांत माणूस. त्यांना एकाएकी खोकला आला.

मी म्हटलं, रात्री कशाला? आताच लावतो. आणि मशीनपुढं मांडी घालून बसलो.

डिस्क घालायची खाच समोर दिसेना. म्हटलं, बाजूला असेल. बाजूला नव्हती. मागं पाहिलं. मशीन उलटी केली. मोबाइलची बॅटरी लावून पाहिलं. वाटलं, वर प्लास्टिकचा पातळ कागद चिकटवलेला असतो, त्याखाली असणार, म्हणून नखानं खरवडायला लागलो. वैशूचे सासरे चष्मा लावून माझ्या मदतीला खाली बसले. "असन बापा कुठीतरी, एवढी मोठी मशीन हाये," असा त्यांनी मला धीर दिला. आम्ही दोघं प्रौढ माणसं त्या मशीनला चहूबाजूंनी दाबत होतो.

शेवटी जावयांनाच ते पाहवेना.

"दादा," ते हळूच म्हणाले, "इच्यात खाच नसतेच. म्हनून तर हे सस्ती भेटते."

मी वैशूला विचारलं, तुला हे कधीपासून माहीत आहे?

"पयल्या दिवसापासून."

म्हणजे बघा, वर्षभर ती एकेक गेम नेटवरून, पुऱ्या किमतीत घेत होती. माझ्या स्वस्त मशीनचा भुर्दंड माझी बहीण भरत होती.

"मंग सांगतलं कावून नाई मले?"

"कसं सांगू दादा? तू सगळ्यायले सांगत होता. मामंजीले सांगताना तुह्या तोंडावर एवढी खुशी होती, का मले काई बोलवलंच नाई."

खरं सांगतो, मला फार वाईट वाटलं. इतकं, की दुसऱ्या कोणी माणसानं तिथंच मोबाइल काढून लिंकचे पैसे भरले असते आणि विषय मिटवला असता. पण मी दुसरा कोणी नव्हतो. हातात तीन डिस्का होत्या, त्यांचे पैसे मोजले होते. मशीनला खाच नाही ही माझी चूक की मशीनची? मी मशीन काखेत मारली आणि म्हटलं, ओवाळायच्या आत येतो.

टिळक रोडला जुन्या मशीनींचं एक दुकान उघडं होतं. दुकानदारानं माझी मशीन पाहून मान हलवली.

"भाऊ, बिनखाचीची मशीन कोन घेते? लोकायले डिस्क टाकाले पायजे."

मी म्हटलं, मग खाचीची दे आणि ही ठेवून घे. त्यानं एक जुनी, जाडजूड मशीन काढली. मी म्हटलं, बरोबरीचा सौदा, वर एक पैसा देणार नाही. तो लगेच हो म्हणाला. आता समोरचा असा पहिल्याच बोलाला हो म्हणाला, की तिथून पळ काढावा, हे आमच्या धंद्यात सगळ्यांना कळतं. मीही पळालो, फक्त ती मशीन घेऊन.

घरी येऊन लावली. डिस्क आत गेली. गेम सुरू झाला. मी मिशीवरून हात फिरवला आणि एकेकाच्या तोंडाकडे पाहिलं. सासऱ्यांनी टाळी दिली.

मग वैशूनं विचारलं, तिचे बाकीचे गेम कुठं आहेत?

ते नव्हतेच. तिनं वर्षभर घेतलेले गेम नव्या मशीनचे होते, या म्हाताऱ्या मशीनवर ते चालत नव्हते. वैशू उठून आत गेली आणि ओवाळणीच्या ताटातली वात उगाचच सारखी करत बसली. ती भांडली असती तर मी भांडलो असतो, मला ते जमतं. पण तिनं पाठ केली होती आणि दिवस मावळतीला आला होता. भाऊबीज वाया गेली असं मला वाटायला लागलं. मी प्लग काढला, मशीन उचलली आणि पुन्हा टिळक रोड गाठला.

आमची मशीन तोवर पुसूनबिसून काचेत मांडली होती. मी परत मागितली, तर दुकानदारानं अशी काही किंमत सांगितली की मी खालीच बसलो. म्हटलं, अरे, मघाशी तर हिला कोणी घेत नव्हतं.

"भाऊ, हे नवं मॉडेल हाये. डिस्का कोन वापरते आता? खाचीत धूळ जाते."

त्याच तोंडानं! पण मी रागावणार तरी कसा? सकाळी शेतकऱ्याची वांगी घेताना मी म्हणतो, लय काटे आहेत बापा, कोण घेईल? आणि दुपारी गिऱ्हाइकाला तीच वांगी दाखवून सांगतो, काटे पाहा, म्हणजे किती ताजी आहेत. मी भाव करायचा प्रयत्न केला. दोनदा बाहेर पडलो. त्यानं एकदाही बोलावलं नाही, दोन्ही वेळा मीच परत आत गेलो. त्याची मशीन त्याला दिली, वर पैसे मोजले आणि आमची मशीन घेतली. वरून काय, म्हणून विचारलं, तर त्यानं ती पुसलेलं फडकं दिलं. मी ते घेतलं.

घरी आल्यावर कोणाशी न बोलता लिंक उघडली. जावयांनी माझ्या खांद्यावरून डोकावून पाहिलं आणि अगदी मऊ आवाजात सांगितलं, की मधे दिवाळीची सूट लागली होती, निम्म्या किमतीत मिळत होता, कालच संपली. असली माहिती माणसानं स्वतःजवळ ठेवावी, पण असो. मी पुरे पैसे भरले. आमच्या घराण्यात सांगितलेल्या भावात वस्तू घेणारा मी पहिलाच. मायला अजून कळलेलं नाही, तुम्हीही सांगू नका.

वैशूनं ओवाळलं. मग आम्ही दोघं पडद्यासमोर बसलो. गेममध्ये मी सारखा खड्ड्यात पडत होतो, ती मला हात देऊन वर काढत होती आणि लहानपणी हसायची तशी हसत होती. मलाही इतकं बरं वाटत होतं, की त्या दुकानदाराचंही भलं होवो असं क्षणभर मनात आलं.

मधेच तिनं खेळ थांबवला.

"दादा, पुढच्या साली साडीच आन मले."

"कावून?"

"आन सस्ती नको पाहू. तू बिनपदराची घेऊन येशीन."

जावई हसले. सासरे तर भिंतीला टेकून हसले, चष्मा काढून डोळे पुसले. हसा, तुम्हीही हसा. मी नाही हसलो. मी विचार करत होतो. बाई पदर खांद्यावर घेते की कमरेला खोचते, त्यात कापड किती जातं, आणि ते कापड वाचलं तर दुकानदारानं किमतीत काही सोडायला पाहिजे की नाही?

म्हणून मी जे रास्त तेच विचारलं.

"बिनपदराची कितीले पडते?"