मलकापूरचे स्पॅनिश मास्तर

"जीभ ढिली सोड, पोरी. तू तिले आवळून धरून राह्यली."

असं म्हणून मास्तर कापड मोजायचा लोखंडी गज उचलत आणि त्याचं टोक स्वतःच्या वरच्या ओठावर टेकवत. जीभ आतून तिथे लागली पाहिजे, हे दाखवायला. मग डोळे मिटून 'पेर्रो' म्हणत. तो 'र्र' असा लांब घरंगळत जाई की दुकानात आलेलं गिऱ्हाईक हातातलं लुगडं तसंच धरून त्यांच्याकडे बघत राही. पेर्रो म्हणजे कुत्रा. आणि साधा पेरो म्हणजे 'पण'. मी कितीतरी दिवस 'कुत्रा' म्हणायच्या जागी 'पण' म्हणत होते.

साठनंतरची ती वर्षं. तुम्ही त्या काळात मलकापूर स्टेशनावर उतरून गावाकडे चालत आला असाल, तर ते दुकान तुम्ही पाहिलं असेल. रस्त्याच्या कडेला, दोन फळ्यांचं, वर हिरवा पत्रा. गल्ल्यावर गोरे, बुटके, पांढऱ्या सदऱ्यातले गृहस्थ. फाळणीत सिंधमधून आलेल्या कुटुंबांपैकी ते एक. गाव त्यांना सेठ म्हणायचं. मास्तर म्हणणारी मी एकटी, कारण त्यांच्याकडे शिकायला जाणारीही मी एकटीच होते.

माझे वडील रेल्वेच्या मालधक्क्यावर कारकून होते. आमची खोली दुकानाच्या मागच्या अंगाला होती. मॅट्रिक झाल्यावर पुढे शिकायला कुठे पाठवायचं नाही असं घरात ठरलं, आणि मी दिवसभर भिंतीकडे बघत बसू लागले. दुकानातून कापड मोजताना मास्तरांचं पुटपुटणं ऐकू यायचं. उनो, दोस, त्रेस, क्वात्रो. हे सिंधी नाही, हे मला कळायचं. एकदा मी विचारलंच.

"इस्पॅनिओल, म्हंजे स्पॅनिश," ते म्हणाले. "शिकशीन काय?"

आईला ते मुळीच पटलं नाही. "मले एक सांग, ह्या भाषेत तू बोलशीन कोणाशी?" असं तिने विचारलं. ते खरंच होतं. आख्ख्या बुलढाणा जिल्ह्यात मास्तरांखेरीज ती भाषा बोलणारं कोणी असेल असं मला वाटत नाही. पण वडील म्हणाले की नुसतं बसून राहण्यापेक्षा बरं, आणि शिवाय सेठची बायको असते तिथे. तेवढ्यावर मला परवानगी मिळाली.

सेठची बायको, म्हणजे आमच्या अम्मा, खरंच तिथे असायच्या. दुकानामागच्या खोलीत शिकवणी चाले आणि त्या कोपऱ्यात सूप घेऊन बसत. कधी तांदूळ, कधी तूर. मधे बोलत नसत. त्यांना मूलबाळ नव्हतं. माझ्यासाठी चहा मात्र न विचारता येई, आणि मास्तर मला रागावले की त्या दिवशी त्यात साखर जास्त असे.

मास्तर पोरसवदा वयात सिंधच्या हैदराबादेहून बोटीने निघाले आणि आफ्रिकेच्या अंगाला असलेल्या, स्पेनच्या कॅनरी बेटांवर पोचले. तिथे बंदरात सिंधी व्यापाऱ्यांची रेशमाची दुकानं होती. मोठ्या बोटी लागल्या की उतारू खरेदीला खाली उतरत. त्यांना शाली विकता विकता मास्तर भाषा शिकले. पुस्तक त्यांच्याजवळ कधीच नव्हतं. त्यामुळे मी जे शिकले ते सगळं दुकानातलं होतं. 'एस सेदा, सेन्योरा, सेदा पुरा.' रेशीम आहे बाईसाहेब, अस्सल रेशीम. हा रंग तुम्हाला शोभतो. जरा उजेडात येऊन बघा. कोणी स्पेनची बाई मलकापुरात अवतरली असती तर मी तिला शाल विकली असती, पण स्टेशनचा रस्ता सांगता आला नसता.

आपल्या मराठीत 'आहे' एकच. तिकडे दोन आहेत, 'सोय' आणि 'एस्तोय', हे समजावताना ते फार रंगून जात. "मी सिंधी हाय. हे बदलत नाही. म्हणून सोय. मी मलकापुरात हाय. आज हाय, उद्या नसीन. म्हणून एस्तोय." मी विचारलं की इतकी वर्षं झाली, आता मलकापूरलाही सोय म्हणायला काय हरकत आहे? ते हसले. "गावाले सोय लागतच नाही, पोरी. कितीबी रहा."

तेवढ्यात कोपऱ्यातून अम्मांचा आवाज आला. इतक्या महिन्यांत त्या पहिल्यांदाच मधे बोलल्या. "आणि मी तुमची बायको हाय, ह्याले कोणतं?"

मास्तरांनी हातातला गज खाली ठेवला. मग म्हणाले, "सोय. ते पक्कं असते." अम्मा पुन्हा तुरीकडे वळल्या. मी हसत घरी गेले आणि आईला ते सांगितलं. आईला त्यापेक्षा त्या भाषेत चंद्र बाईमाणूस आहे याचंच नवल जास्त वाटलं.

दुसऱ्या वर्षी माझ्या लक्षात एक गोष्ट येऊ लागली. दुकानातले शब्द संपले होते आणि मास्तर आता वेगळंच काही शिकवत होते. बूट घाल. हात दे. पायरी आहे, सांभाळून. तोंड उघड, अजून एक घास. रडू नको, लागलं का, दाखव कुठे लागलं. ही वाक्यं सांगताना ते गज हातात घेत नसत. आवाजही वेगळा होई, जरा खाली वाकून बोलल्यासारखा. मी त्यांना राजकारणातले शब्द विचारले, हवापाण्याचे विचारले. त्यांना फारसे येत नव्हते. त्यांची निम्मी भाषा शाली विकण्याची होती आणि निम्मी कुणातरी लहान मुलाशी बोलण्याची. हे मूल कोणाचं, हे मी विचारलं नाही. अम्मा समोर असायच्या.

माझं लग्न शेगावच्या एका शिक्षकांशी ठरलं. पत्रिका घेऊन मी दुपारी दुकानात गेले. अम्मांनी पत्रिका डोळ्यांना लावली, कुंकू लावलं आणि त्या पुन्हा तांदूळ निवडायला बसल्या.  मग मास्तरांनी स्पॅनिशमध्ये बोलायला सुरुवात केली.

त्यांनी मला शिकवलेल्याच शब्दांत सगळं सांगितलं, कारण दुसरे मला येत नव्हते. हळू, शब्द शब्द तोडून. बेटावरच्या दुकानातल्या नोकरांचे कपडे इस्त्री करायला एक बाई यायची. ती एकटी होती. हेही एकटे होते. लग्न झालेली बायको सिंधमध्ये होती आणि चार-चार वर्षं सुट्टी मिळत नव्हती. त्या बाईला मुलगी झाली. मुलगी चालायला लागली, बोलायला लागली, यांच्या बोटाला धरून बंदरावर बोटी बघायला येऊ लागली. मग हैदराबादेहून तार आली की आई आजारी आहे. हे निघाले. मुलगी बंदरावर आली होती. सहा महिन्यांत येतो, असं यांनी तिला सांगितलं.

त्यांची आई गेली. वर्ष फिरलं नाही तोच देश फाटला. घर गेलं, कागद गेले. उल्हासनगरच्या छावणीतून त्यांनी पत्रं पाठवली. त्या बाईला वाचता येत नव्हतं, म्हणून दुकानाच्या पत्त्यावर पाठवली. दुकान कधीच बंद झालं होतं. पुढे पासपोर्टासाठी खटपट केली, ती जमली नाही. मग मलकापूर.

"ती आता तुझ्याएवढी असेल," ते त्या भाषेत म्हणाले. "मी विसरलो तर ती आल्यावर तिच्याशी बोलणार कसा? म्हणून तुला शिकवलं."

अम्मांचं सूप चालूच होतं. तांदूळ वर उडत होते, खाली पडत होते. मी डोळे पुसले, तेव्हा लग्नाच्या मुलीने रडू नये असं अम्मा म्हणाल्या आणि चहा टाकायला उठल्या.

शेगावला मी संसाराला लागले. गाडीने तास-दीड तासाचं अंतर, पण माहेरी येणं सणावारीच होई. आले की दुकानात जाऊन बसायची. माझा 'र्र' एव्हाना नीट जमू लागला होता. मास्तर खुश होऊन गिऱ्हाइकांना सांगत, "ऐका, ही आता माह्यापेक्षा चांगलं बोलते." गिऱ्हाइकांना दोन्हीतलं काही कळत नसे.

मग एका उन्हाळ्यात माझ्या भावाकडून निरोप आला. मास्तरांना अर्धांगाचा झटका आला होता. अम्मांनी मला बोलावलं होतं, आणि लवकर बोलावलं होतं.

मागच्या खोलीत खाटेवर ते पडले होते. उजवं अंग गेलेलं, तोंड जरा वाकडं. शेजारपाजारच्या बायका बसल्या होत्या. सेठची वाचा गेली, नुसतं काहीबाही बडबडतात, डॉक्टरनेही तेच सांगितलं, असं त्यांनी मला कुजबुजत सांगितलं. मी जवळ गेले. मास्तरांनी माझ्याकडे पाहिलं. ओळखलं की नाही, सांगता येत नाही. मग त्यांचे ओठ हलले.

"या येगो ला निन्या?"

ती बडबड नव्हती. शब्द तुटके होते, पण अगदी बरोबर होते. पोरगी पोचली का, असं ते विचारत होते. सिंधी गेली होती, हिंदी गेली होती, आमची वऱ्हाडी गेली होती. तेवढी एक भाषा उरली होती, आणि तिच्यातलाही तेवढा एक प्रश्न.

बायका उठून गेल्यावर अम्मांनी दार लोटलं. मला वाटलं, आता त्या विचारणार की हे काय म्हणतात. तो प्रश्न ऐकल्यापासून मी तीच चिंता करत होते. पाणी मागतात म्हणावं, की तुम्हालाच हाक मारतात म्हणावं? मी तोंड उघडलं, तसा त्यांनी माझ्या हातावर हात ठेवला.

"तू सांगू नको. मले समजते."

मी त्यांच्या शेजारी खाली बसले.

"इतकी वर्षं कोपऱ्यात बसून ऐकलं, पोरी. कान तर उघडेच होते. तुह्या लग्नाच्या आधी तुले जे सांगितलं, तेबी ऐकलं. त्या दिवशी तेच तांदूळ मी पुन्हा पुन्हा निवडले."

त्यांचा आवाज शांत होता. रागाचा लवलेशही त्यात नव्हता, आणि मला तेच सोसवत नव्हतं. मी विचारलं की तुम्ही मास्तरांना कधी बोलला का नाहीत. त्या म्हणाल्या, "त्याईनं मले सांगितलं असतं तर बोलली असती. त्याईले वाटे, मले कळत नाही. तेवढ्यावर तर त्याईचं मन हलकं होत होतं."

खाटेवरून पुन्हा तोच प्रश्न आला. अम्मांनी तिकडे पाहिलं.

"समजते, पण बोलता येत नाही," त्या म्हणाल्या. "दिवसभर विचारतात. मी मराठीत सांगतो, सिंधीत सांगतो, त्याईले पोचत नाही. तू मले जबाब शिकव."

मी म्हणाले, "अम्मा, ती काही येणार नाही."

"ते मले माहीत हाय. त्याईले आता माहीत नाही."

मग कोणता जबाब द्यायचा, हे आम्ही दोघी चुलीजवळ बसून ठरवू लागलो. 'आली' म्हणावं असं मी सुचवलं. अम्मांनी मान हलवली. आली म्हटलं तर दाखव म्हणतील, मग कोणाला दाखवायचं? 'येईल' म्हटलं तर फार लांबचं वाटतं. शेवटी 'येतेय' हे ठरलं. वाटेत आहे, आता पोचेलच.

"या व्येने," मी म्हणाले.

"या वेने."

"व्ये. ओठ जरा मिटून."

साठीला टेकलेली ती बाई चुलीसमोर बसून, भाकरी थापता थापता ते दोन शब्द घोकत होती. पदराने तोंड पुसायची आणि पुन्हा म्हणायची. भाकरी जळली तरी तिला कळलं नाही. अखेर ती उठली, हात धुतले, खाटेजवळ गेली आणि त्यांच्या चांगल्या हाताला धरून उभी राहिली.

त्यांनी विचारलं. अम्मांनी उत्तर दिलं.

मास्तरांचा चेहरा मी आजही डोळ्यांसमोर आणू शकते, पण त्याचं वर्णन मला जमत नाही. ते हसले नाहीत. कपाळावरच्या आठ्या तेवढ्या गेल्या, आणि त्यांनी डोळे मिटून घेतले. जरा वेळाने उघडून त्यांनी पुन्हा विचारलं, आणि अम्मांनी पुन्हा तेच सांगितलं. तो आवाज आईचा होता, का बायकोचा, का मुलीचा, मला ठरवता आलं नाही.

मी शेगावला परतले. पावसाळा संपता संपता मास्तर गेले. शेवटपर्यंत विचारत होते आणि शेवटपर्यंत त्यांना उत्तर मिळत होतं, असं भावाने सांगितलं. गल्लीतल्या बायकांनासुद्धा ते दोन शब्द ऐकून ऐकून पाठ झाले होते. अर्थ कोणाला माहीत नव्हता. काहीतरी देवाचं नाव असावं, असं त्या समजून चालल्या.

अम्मा उल्हासनगरला आपल्या भावाकडे जायला निघाल्या, तेव्हा मी स्टेशनवर गेले. एक ट्रंक आणि एक वळकटी, एवढंच सामान. गाडी यायला अवकाश होता. बाकावर बसून त्या म्हणाल्या, "दुकान ज्यानं घेतलं ना, त्याले मी भावाचा पत्ता देऊन ठेवला. म्हटलं, कोणी परदेशची बाई विचारत आली तर इकडं पाठव. कदाचित बापाचा शोध घेत येईनबी ती. तिले सांगायले कोणी तर पाहिजे." मग म्हणाल्या, "तू येत जाशीन तवा त्याले आठवण देत जा."

पुढे अम्माही गेल्या. दुकानात आता सायकली दुरुस्त होतात. माहेरी उतरले की घरी जायच्या आधी माझे पाय तिकडेच वळतात. अम्मांनी पत्ता देऊन ठेवला तो माणूस भला आहे. पंपाशी वाकलेला असतो. मला लांबून येताना पाहिलं की मी काही बोलायच्या आतच 'नाही' अशी मान हलवतो, आणि पुन्हा हवा भरायला लागतो.