टँकिनीचं गाव

कपडे शिवणारी माणसं जगात पुष्कळ असतील, पण कपड्याला त्याचं गाव विचारणारी बाई एकच, आणि ती क्रांती चौकामागच्या गल्लीत एका दवाखान्याच्या जिन्याखाली मशीन टाकून बसते. आमच्या टेलरबाई. गेली वीस-बावीस वर्षं त्या माझे ब्लाऊज शिवतात. एवढ्या काळात माझं माप कुठून कुठं गेलं याबद्दल त्यांनी चकार शब्द काढलेला नाही, ही त्यांची सभ्यता. कपड्याबद्दल मात्र त्या बोलायच्या थांबत नाहीत. हा पोशाख मूळ कुठला, त्याचं नाव कुणी ठेवलं, त्या नावाचा अर्थ काय, हे कळल्याशिवाय त्यांची कात्री कापडाला लागत नाही म्हणजे नाही. सोयरीक जमवताना माणसं करत नाहीत एवढी चौकशी त्या एका झबल्याची करतात. "पावण्याला पानी दिलं की आपण गाव इचारतोच ना? मंग कापडाला कामून नाय इचारायचं?" असं त्यांचं म्हणणं.

ही माहिती त्या मिळवतात कुठून, तर भेटेल त्याच्याकडून. वेरूळला परदेशी पाहुण्यांना लेणी दाखवणारे एक गाईड आहेत. त्यांच्या पँटा कमरेत सैल करण्याचं काम बाईंकडे असतं, त्यामुळे ते बाईंचे परराष्ट्रमंत्री. पलाझोची फॅशन आली तेव्हा या भल्या माणसानं एका इटालियन जोडप्याला कैलास लेण्याच्या दारातच थांबवून आधी पलाझोचा अर्थ विचारला आणि मग शंकराकडे नेलं. पलाझो म्हणजे राजवाडा, हे कळल्यापासून बाई गिऱ्हाइकांना सरळ विचारतात, "राजवाड्याला नाडी घालू का इलास्टिक?" नवीन बायका दचकतात. आम्ही जुन्या "इलास्टिक" म्हणून मोकळ्या होतो. पायजम्याचा उगम फारसी आहे हे समजलं तेव्हा त्या अर्धा दिवस खिन्न होत्या. "पाय बी त्यांचा, जामा बी त्यांचा. नाडी तेवढी आपली," म्हणाल्या. मोबाईलमधल्या बोलणाऱ्या बाईलाही त्या विचारतात, पण दोघींचं फारसं पटत नाही. एकदा ती 'मला समजलं नाही' म्हणाली, तर यांनी "समजत नाय तर बसलीस कशाला तिथं?" म्हणून फोन पालथा घातला.

या शोधकार्यात गिऱ्हाइकाचे हाल होतात ते वेगळेच. माझ्या भाचीच्या लग्नासाठी मी हौसेनं पेप्लमचा, म्हणजे कमरेखाली झालर असलेला, ब्लाऊज शिवायला टाकला होता. मुहूर्त जवळ आला तरी पेप्लमचा ठावठिकाणा लागेना, आणि मी लग्नात जुन्याच ब्लाऊजवर मिरवले. नवा ब्लाऊज लग्नानंतर चार दिवसांनी मिळाला, सोबत प्राचीन ग्रीक बायकांच्या पोशाखाची संपूर्ण हकिगत. मी चिडले होते, पण काय करता? अंगावर इतका चपखल बसला होता की रागानं घालून पाहिला तरी शोभून दिसला. मग मी कबूल केलं की दुसरीकडे जाणं आपल्याच्यानं होणार नाही.

तर अशा बाईंकडे मी टँकिनी शिवायला टाकली.

झालं असं की शाळेत फळ्यासमोर तीस वर्षं उभं राहून माझ्या गुडघ्यांनी संप पुकारला. डॉक्टर म्हणाले, पाण्यात व्यायाम करा, जमलं तर पोहायला शिका. आमच्या भागात एक तलाव आहे, तिथं सकाळी बायकांची बॅच असते, पण पंजाबी ड्रेस घालून उतरू देत नाहीत. पोहण्याचा पोशाखच लागतो. दुकानातला पोशाख मी हातात धरून पाहिला आणि डॉक्टरांच्या बुद्धीची कीव आली. पुण्याहून लेक फोनवर म्हणाली, "अगं आई, टँकिनी घे. वर लांब बनियनसारखं, खाली गुडघ्यापर्यंत चड्डी. काही दिसत नाही." ती माझ्या मापाची तयार मिळेना. म्हणून स्ट्रेचचं काळं कापड घेऊन मी जिन्याखाली गेले आणि कुणी ऐकत नाही ना हे पाहून ते नाव उच्चारलं. पुढच्या सोमवारी बॅच सुरू होणार होती.

बाईंनी कापड ताणून पाहिलं, सोडून पाहिलं. "ह्याला साधी शिलाई चालत नाय. पान्यात हात मारला की तुटंल. झिगझॅग टाका घालावा लागंल," म्हणाल्या. मी सुटकेचा निःश्वास टाकते न टाकते तोच त्यांनी चष्मा कपाळावर चढवला. "आता सांगा. टँकिनी. कुठली म्हनायची ही?"

मला काही ठाऊक नव्हतं. प्रश्न वेरूळला रवाना झाला. दोन दिवसांनी मी गेले तेव्हा गाईडचं भलंमोठं उत्तर मोबाईलवर आलेलं होतं आणि बाई माझीच वाट पाहत होत्या, कारण बारीक अक्षर त्यांना दिसत नाही. मी वाचू लागले. पहिला भाग मजेचा होता. टँक म्हणजे पोहण्याचा तलाव. तिकडे पूर्वी तलावात घालायच्या बिनबाह्यांच्या पोशाखाला तेच नाव पडलं. आणि काही जाणकारांच्या मते इंग्रजीतला हा शब्दच मुळात आपल्याकडच्या टाक्यावरून गेला. वेरूळच्या डोंगरात पाण्याची टाकी खोदलेली आहेत ना, ते टाकं. गाईडनं पुढे तीन उद्गारचिन्हं टाकली होती. बाईंचा चेहरा असा खुलला, की मला वाटलं आता कात्री चालली. "बगा! आपलंच टाकं सायबाच्या मुलखात जाऊन बनियान होऊन आलं!" मग म्हणाल्या, "अन् किनी?"

किनी आली होती बिकिनीवरून. आणि बिकिनी हे एका बेटाचं नाव आहे, दूर प्रशांत महासागरातलं. तिथल्या लोकांच्या बोलीत त्याचा अर्थ नारळाची जागा. इथपर्यंत ठीक होतं. पुढचं वाचताना माझाच आवाज बारीक झाला. अमेरिकेला अणुबाँबची चाचणी करायची होती. अधिकारी बेटावर आले, लोकांना गोळा केलं आणि सांगितलं की साऱ्या मानवजातीच्या भल्यासाठी तुम्ही बेट सोडा. लोक बोटीत बसून गेले. त्यांना वाटलं, लवकरच परत यायचं आहे. तिकडे बाँब फुटला आणि चारच दिवसांनी पॅरिसमधल्या एका माणसानं दोन तुकड्यांचा आखूड पोशाख बाजारात आणला. बाँबसारखाच धमाका व्हावा म्हणून त्यानं पोशाखाला बेटाचं नाव दिलं.

बाई मशीनच्या चाकावर हात ठेवून बसल्या होत्या. "परत गेले का ते?" त्यांनी विचारलं.

मी पुढे वाचलं. काही जण मध्यंतरी परतले होते, पण तिथलं खाणं-पाणी विषारी निघालं आणि त्यांना पुन्हा उठवलं. अजून बेट ओसच आहे. माडांना नारळ लागतात, पण ते खाता येत नाहीत.

बाईंनी माझं काळं कापड घडी घालून पिशवीत ठेवलं आणि पिशवी माझ्याकडे सरकवली. "हे नाय व्हायचं माज्याच्यानं, मॅडम."

मला राग आला, लपवत नाही. पेप्लमही आठवला. "अहो बाई, मला सोमवारी पाण्यात उतरायचंय. कुठलं ते बेट, कुठले ते लोक! माझे गुडघे दुखतायत त्याचं काय?" असं मी बोलून गेले. शाळेतला आवाज लागला असणार, कारण जिन्यावरचे दोन पेशंट वाकून पाहू लागले.

बाई चिडल्या नाहीत. पायानं स्टूल माझ्याकडे ढकललं आणि सांगू लागल्या. वीस-बावीस वर्षांत मी त्यांना ब्लाऊजच्या गळ्याशिवाय काही विचारलेलं नव्हतं, हे मला त्या स्टुलावर बसल्यावर कळलं. जगातल्या प्रत्येक कपड्याचं गाव मला त्यांनी सांगितलं होतं, पण त्यांचं गाव मला माहीत नव्हतं.

"आमचं गाव गोदावरीच्या काठाला. धरनात गेलं. मी तवा दुसरीत होते. सायेब लोक जीप घेऊन आले, चिंचंखाली बैठक बसली. ते बी असंच म्हनले, समद्याच्या भल्यासाठी हाय. खोटं नव्हते बोलत. शेतीला पानी झालं, ह्या शहराला पानी झालं. तुमच्या नळाला येतंय ना, ते आमच्या अंगनावरचंच पानी हाय." एवढं सांगून त्या हसल्या. "माजा बाप लई येडा. गाव बुडनार म्हाईत असून त्यानं भिंतीला निळा रंग दिला. बौद्धवाड्यातलं पयलं रंगवलेलं घर आमचं. माय म्हनली, आता कशाला? तर म्हनला, पान्याला तरी चांगलं दिसू दे."

मग म्हणाल्या, "आमच्या गावाचं नाव घेऊन उद्या कुनी चड्डी-बनियान विकली तर मला कसं वाटंल, सांगा."

माफी मागायची होती, ती राहूनच गेली. पिशवी तिथंच ठेवून मी उठले आणि घरी येताना ठरवलं की गुडघे दुखले तर दुखू देत, पुन्हा हा विषय काढायचा नाही. नळाला त्या दिवशी पाणी आलं होतं. हंडा भरताना मी उगाचच नळ बारीक केला.

रविवारी संध्याकाळी बाईंचा फोन आला, "घेऊन जा." पोशाख तयार होता. शिलाई अशी की कापड ताणलं की तीही ताणावी आणि सोडलं की जागेवर यावी. बाई कापडाला नेहमी एक चिठ्ठी टाचतात, वर गिऱ्हाइकाचं नाव आणि खाली कपड्याचं. या चिठ्ठीवर माझं नाव होतं आणि खाली टँकिनीऐवजी लिहिलं होतं, 'नारळवाडी'.

"कापडाचा काय गुन्हा?" बाई म्हणाल्या. "नाव ठेवनाऱ्यानं बाँबसाठी ठेवलं. आपण नारळासाठी ठिवू. त्यांचं खरं नाव तेच ना? गावाचा अर्थ तरी कुनाच्या तोंडात ऱ्हायला पायजे." आणि लगेच गळ्याकडे बोट दाखवून, "हितं थोडं वर घेतलंय, तुमी लाजता म्हनून."

नारळवाडी घालून मी पाण्यात उतरले. त्या प्रसंगाचं वर्णन करण्याइतका माझा धीर नाही. एवढंच सांगते की चार फूट पाण्यात कडेचा पाइप दोन्ही हातांनी धरून उभी राहण्यात मी पहिल्या महिन्यातच प्रावीण्य मिळवलं. तिसऱ्या महिन्यात पाइप सोडून एकदाची तरंगले. पोशाख पाहून बॅचमधल्या चार बायकांनी पत्ता विचारला. आता आमच्या तलावावर "माझी नारळवाडी वाळली नाही गं" अशी वाक्यं सर्रास ऐकू येतात, आणि नव्या बायकांना त्या नावामागची हकिगत जुन्या बायका सांगतात.

यंदा पाऊस चांगला झाला, धरण भरलं. एक दिवस बाई म्हणाल्या, "मॅडम, गाडी हाय तुमची. मला एकदा पान्यापाशी नेता का?" गाव सुटल्यापासून त्या तिकडे गेल्याच नव्हत्या. दुष्काळात पाणी आटलं की जुन्या भिंती, देवळं वर येतात म्हणे. त्यांच्या गावची माणसं बघायला जातात. बाई कधी गेल्या नाहीत. "उघडं पडलेलं नाय बगवत. भरलेलं दावा," म्हणाल्या.

पैठणच्या अलीकडे एका कच्च्या रस्त्यानं आम्ही काठापर्यंत गेलो. समोर पार क्षितिजापर्यंत पाणी होतं. बाईंनी पदर डोक्यावर घेतला, चपला काढल्या आणि पाण्याच्या कडेपर्यंत गेल्या. मग हातानं दिशा दाखवली. तिकडं नदीचं वळण, त्याच्या अलीकडं चिंच, त्याच्या उजव्या अंगाला घर. मी त्या बोटाच्या रोखानं पाहत राहिले. तिथं फक्त पाणी होतं आणि वारा.

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच त्या मला मॅडम म्हणाल्या नाहीत.

"माय, तुला आता पवायला येतंय. किती खोल जाता येतं गं?"

मी, चार फुटांवाली, काय सांगणार? डोळ्यांतलं पाणी पुसलं आणि म्हटलं, "शिकतेय, बाई. अजून शिकतेय."

त्यांनी मान हलवली. माझ्या खांद्यावर हात ठेवला, माप घेताना ठेवतात तसा हलका.

"सावकाश शिक. गाव काय आता कुठं जात नाय."