इथेच थांबा, मी आलेच

मोबाइलवर काकांचं नाव दिसलं आणि फोन उचलायच्या आधीच मला कळलं. इतक्या वर्षांत काकांनी मला स्वतःहून कधी फोन केलेला नाही. फोन करायची ती मावशी. मनसोक्त बोलून झालं की ‘घ्या, भाचीशी बोला’ म्हणून फोन त्यांच्या हातात कोंबायची आणि ते ‘काय, बरी आहेस ना? थंडी आहे का तिकडे?’ एवढं विचारून तो परत तिला देऊन टाकायचे. त्या सकाळीही त्यांनी आधी थंडीचंच विचारलं. मी म्हटलं, ‘काका, मावशी?’ ते म्हणाले, ‘गेली गं. मी बाहेर गाडीतच होतो.’

शुभामावशी ही माझ्या आईची धाकटी बहीण. जन्म मालवणचा, संसार आधी पुण्यात आणि मग ऑकलंडला. काका इंजिनिअर. मूलबाळ नाही. मी शिकायला म्हणून क्राइस्टचर्चला आले आणि इथेच रिकार्टनला राहिले, तेव्हा या देशात माझं हक्काचं माहेर म्हणजे मावशीचं ऑकलंडच्या फ्लॅट बुशमधलं घर. दोघांना चार बेडरूमचं घर कशाला, असं कुणी विचारलं की ती म्हणायची, ‘भांडण झालं की एकेकाला दोन दोन.’ रोज मोटरवेवरून माउंट वेलिंग्टनच्या ऑफिसात जायची, तिथे अकाउंट्स सांभाळायची आणि संध्याकाळी गॅरेजचं दार वर जाताना आतून काकांचा प्रश्न ऐकायची, ‘ट्रॅफिक होता का?’ इथलं नागरिकत्व तिने मिळायच्या पहिल्या दिवशी घेतलं. काळा पासपोर्ट मैत्रिणींना दागिन्यासारखा दाखवला. काकांनी मात्र भारताचा निळा पासपोर्ट सोडला नाही. ‘इथे राहतो, इथला टॅक्स भरतो, रग्बीसुद्धा बघतो. कागदावर तरी मला माझ्या घरचा राहू दे.’ यावर त्यांची भांडणं मी ऐकली आहेत. जिंकायचं कुणीच नाही.

तिच्या मागे सगळे तिच्या हातच्या सोलकढीबद्दल आणि हजरजबाबीपणाबद्दल बोलले. ते खरंच आहे. पण मला ती दिसते ती परदेशातल्या एका चढावर, पायात जँडल्स, म्हणजे इथल्या साध्या रबरी सपाता, घालून तरातरा चालणारी... ते सांगितल्याशिवाय मला तिच्याबद्दल दुसरं काही लिहिता येणार नाही.

दोनेक वर्षांपूर्वी आम्ही तिघं क्रोएशियाला गेलो होतो. डुब्रोव्हनिकला मुक्काम होता. तिथून सीमेपलीकडच्या माँटेनेग्रोमधली कोटोर आणि पेरास्ट ही समुद्रकाठची जुनी गावं दाखवणारी एका दिवसाची सहल मावशीने ऑकलंडहूनच ठरवली होती. सकाळी बसने निघायचं, गाइड सगळं दाखवणार, संध्याकाळी परत. कोटोरच्या तटबंदीचा फोटो तिने ऑफिसच्या कॉम्प्युटरवर लावून ठेवला होता. ‘मालवणच्या मुलीने दुसऱ्यांचे किल्लेही बघायला हवेत,’ असं तिचं म्हणणं. काकांनी नेहमीप्रमाणे सगळ्या कागदांच्या झेरॉक्स काढून फाइल केली होती. पण एका दिवसासाठी बाहेर जाऊन येणं म्हणजेसुद्धा देशाबाहेर जाणंच, हे काही त्यांच्या डोक्यात आलं नाही. आणि काळा पासपोर्ट हातात आल्यापासून मावशी व्हिसा हा शब्दच विसरली होती.

बस सीमेवर थांबली. अधिकाऱ्याने काकांचा पासपोर्ट उघडला, बंद केला, पुन्हा उघडला आणि आमच्या गाइडला, इवानाला, खाली बोलावलं. ती परत आली तेव्हा तिचं हसू गेलं होतं. काकांचा व्हिसा एकदाच आत येण्याचा होता. आत्ता बाहेर पडले, तर संध्याकाळी क्रोएशियात परत येता येणार नाही. पलीकडेच अडकतील आणि परतीचं विमान तर डुब्रोव्हनिकहून. मागचा कुणीतरी घड्याळ बघून सुस्कारा टाकत होता. इवाना म्हणाली, मागे थोड्या अंतरावर पेट्रोल पंप आहे, तिथे कॉफीचं दुकान आहे, टॅक्सी बोलवून देते. काका उठले आणि म्हणाले, ‘टॅक्सी नको. बस याच रस्त्याने परत येणार ना? मी बसतो तिथे.’

मावशीही उठली. मला वाटलं, आता हिचा किल्ला बुडाला. तेवढ्यात ती परत खाली बसली. ‘अहो, तुम्ही इथेच थांबा. मी जाऊन येते.’

काका ‘बरं’ म्हणाले आणि टोपी घालून उतरले.

मी तिच्यावर चिडले. म्हटलं, मावशी, तूही उतर ना, एकटे कसे राहतील ते? ती खिडकीतून त्यांच्या पाठीकडे बघत होती. ‘पासपोर्ट न बदलणं हा त्यांचा हट्ट. इतकी वर्षं मी तो चालवून घेतला. किल्ला बघणं हा माझा.’

पेरास्टला होडीने एका बेटावरच्या चर्चमध्ये नेतात. अगदी मालवणच्या जेटीवरून सिंधुदुर्गला जावं तसं. तिथे भिंतीवर एक भरतकाम आहे. समुद्रावर गेलेल्या आपल्या माणसाची वाट बघत एका बाईने ते वर्षानुवर्षं भरलं, स्वतःचे केस वापरून. आधीचे केस काळे, नंतरचे पांढरे. इवाना हे सांगत असताना मावशी नीट बघायला मिळावं म्हणून चष्मा काढायला गेली, पर्समध्ये हात घातला आणि तसाच ठेवला. आत काकांचा पाऊच होता. त्यांच्या शुगरच्या गोळ्या, त्यांचं पाकीट, आणि रोमिंग कशाला दोघांना म्हणून बंद करून ठेवलेला त्यांचा फोन. काका उतरले होते ते फक्त पासपोर्ट आणि टोपी घेऊन. ‘इथे बाई वाट बघत बसलीय,’ मावशी हळूच म्हणाली, ‘आणि माझा माणूस तिथे उपाशी.’ इवानाला विचारलं, तर त्या दुकानाचा नंबर तिच्याकडेही नव्हता.

कोटोरमध्ये ती चालली, पण तिने काही पाहिलं असं मला वाटत नाही. फक्त एकदा, थोड्या पायऱ्या चढून तटावर आलो तेव्हा खाली ते निळं पाणी डोंगरांच्या आत घुसलेलं दिसलं आणि ती थबकली. ‘आमच्याकडे किल्ला समुद्रात आहे गं. इथे समुद्रच किल्ल्यात आलाय.’ क्षणभर चेहरा उजळला. लगेच म्हणाली, ‘चल, बसजवळ जाऊन उभ्या राहू.’ बस सुटायला अजून खूप अवकाश होता.

परतीच्या वाटेवर इवानाने माइक हातात घेतला आणि खुशीत सांगितलं, की सकाळच्या मोठ्या नाक्यावर गाड्यांची लांबच लांब रांग आहे, पण काळजी नको, ड्रायव्हर आपल्याला समुद्राकडच्या छोट्या नाक्यावरून नेणार आहे. लोकांनी टाळ्या वाजवल्या. मावशी ताडकन उठली. म्हणाली, माझा नवरा मोठ्या नाक्यावर आहे. इवानाला आठवलं, तिचा चेहरा पडला. पण तीही काय करणार? बसमधल्या दोघांना विमान गाठायचं होतं आणि ते उघडच कुरकुरायला लागले. इवाना म्हणाली, आपण पलीकडे जाऊ, मग तिथून टॅक्सी करून त्यांना आणू. खरं सांगायचं तर मला ते पटलं होतं. मी मावशीचा हात धरून खाली बसवायला लागले.

‘तुला काकांचा स्वभाव माहीत नाही,’ ती म्हणाली. ‘ते बसकडे डोळे लावून बसलेत. अंधार पडायला आला आणि बस आली नाही, तर मला काहीतरी झालं म्हणून मला शोधायला निघतील. ती सीमा ओलांडतील गं. आणि एकदा ओलांडली की झालं.’

मग तिने ड्रायव्हरच्या खांद्याला हात लावला आणि जिथे दोन रस्ते फुटतात तिथे बस थांबवायला लावली. आम्ही दोघी उतरलो. बस गेली.

मोठ्या नाक्याकडे जाणारा रस्ता चढाचा होता आणि त्यावर गाड्या एकाला एक लागून उभ्या होत्या. आम्ही कडेने चाललो. लोक खिडक्यांतून बघत होते. एका ट्रकवाल्याने काहीतरी ओरडून विचारलं, मावशीने ऑकलंडच्या थाटात ‘स्वीट ॲज!’, म्हणजे सगळं मस्त, म्हणून हात केला, जणू ती फ्लॅट बुशच्या डेअरीतून दूध आणायला निघाली होती. मग वळणापलीकडे गेल्यावर थांबली. बरगडीला हात लावून उभी राहिली. तोंड पांढरं पडलं होतं. मी म्हटलं, बस जरा. म्हणाली, ‘बसले तर उठणार नाही.’ थोडं चालायची, थांबायची, पुन्हा चालायची... चढामुळे दम लागतोय असंच मला वाटलं, तिलाही तसंच वाटलं असेल. तो दम चढाचा नव्हता, हे डॉक्टरांनी आम्हाला पुढच्या हिवाळ्यात सांगितलं.

माँटेनेग्रोच्या नाक्यावर शिक्के मारून घेतले, मधला ओसाड रस्ता संपवला आणि क्रोएशियाच्या चौकीचे दिवे दिसले. आमच्यापुढे माणसं होती. पलीकडे, बाहेर जाणाऱ्यांच्या रांगेत, काका उभे होते. टोपी हातात, पासपोर्ट उघडून धरलेला. त्यांच्यापुढे एक मोटारसायकलवाला होता, तोही निघाला, आणि आतल्या अधिकाऱ्याने काकांकडे हात पुढे केला.

‘अहो!’

ती इतक्या जोरात ओरडली की दोन्हीकडचे पोलीस बाहेर आले. उभ्या जन्मात नवऱ्याला नावाने हाक मारायची सवय नव्हती, तेव्हाही मारली नाही. ‘अहो! इथेच थांबा! मी आलेच!’

काकांनी मान वळवली. पासपोर्ट मिटला आणि रांगेतून बाजूला झाले.

आमच्या पासपोर्टवर शिक्के पडेपर्यंत ती नजर त्यांच्यावरून हलवत नव्हती. पलीकडे पोचलो, तर काका आधी आमच्या मागे बघायला लागले. ‘बस कुठंय?’

‘बस गेली. मी आले ना.’

‘चालत? या सपाता घालून?’ आणि मग मावशी रडायला लागली. मी तिला रडताना तेव्हाच पाहिलं, आधी नाही आणि नंतरही नाही. रडता रडता रागवत होती, गोळ्या घेतल्या नाहीत, खाल्लं काय, खुर्ची नव्हती का बसायला, उभे काय राहिलात. दुकानातल्या बाईने त्यांना दिवसभर फुकट कॉफी आणि पाव दिला होता. खुर्चीही दिली होती. पण खुर्चीवरून सीमेकडून येणाऱ्या बसचा पुढचा भाग दिसत नव्हता, म्हणून ते बराच वेळ उभेच होते. टॅक्सीत बसल्यावर काकांनी विचारलं, ‘किल्ला कसा होता?’ ती म्हणाली, ‘तुम्ही पासपोर्ट बदला, मग परत जाऊन नीट बघू.’ काका म्हणाले, ‘बघू.’

परत जाणं झालं नाही. पुढचं सगळं इस्पितळात गेलं. तिला आत नेताना बघणं काकांना सोसायचं नाही, हे ओळखून तीच दारात त्यांना सांगायची, ‘तुम्ही गाडीत थांबा, मी आलेच.’ ते पार्किंगमध्ये गाडीत बसून त्या दाराकडे बघत राहायचे आणि ती खरोखरच यायची. दर वेळी थोडी बारीक होऊन, पण यायची. शेवटच्या दिवशीही तिने तेच सांगितलं होतं.

गेल्या आठवड्यात मी ऑकलंडला गेले ती काकांना रिकार्टनला घेऊन यायचं ठरवूनच. त्यांचं तिकीट काढलं होतं, खोली लावून ठेवली होती. एवढ्या मोठ्या घरात एकटा माणूस, वेळेवर गोळ्या घेत नाही, मला झोप लागत नाही. पोचले तेव्हा संध्याकाळ होती. गॅरेजचं दार वर केलेलं, आत मावशीची गाडी, आणि पुढे ड्राइव्हवेच्या तोंडाशी काका. मागे कॅम्पिंगची खुर्ची उघडून ठेवलेली, पण ते उभे होते. ती माउंट वेलिंग्टनहून यायची त्या वळणाकडे बघत.

मी सगळं सांगितलं. तिकीट, खोली, विद्यापीठाजवळची भारतीय दुकानं, गुळासकट सगळं मिळतं. चिडलेही थोडी. काकांनी सगळं ऐकून घेतलं.

‘तुझं बरोबर आहे,’ ते म्हणाले. ‘पण मी इथून हललो, तर तिला शोधत चालत यावं लागेल गं... आणि तिला आता दम लागतो.’

मी आत गेले, दुसरी खुर्ची आणली आणि त्यांच्याशेजारी, वळण दिसेल अशी, उघडून ठेवली.