राईमागची रेघ

आहुपेच्या अलीकडच्या एका वाडीत रत्नाबाई गवारी राहते. तिचा कोणावरही विश्वास नाही, आणि ही गोष्ट तिने कधी लपवलेली नाही. गिरणीत दळण टाकलं की पीठ डब्यात पडून झाकण लागेपर्यंत ती गिरणीवाल्याच्या हातावरची नजर हलवत नाही. एसटी आली की गाडी घोडेगावला जाते का हे ती आधी ड्रायव्हरला विचारते, मग कंडक्टरला, आणि आत बसल्यावर शेजारच्या बाईला. सगळ्यांनी हो म्हटलं तरी ओळखीचा रस्ता लागेपर्यंत पिशवी मांडीवर घट्ट धरून बसते.

हा स्वभाव उगाच आलेला नाही. ती लहान असताना तिच्या माहेरी काही माणसं आली होती. त्यांनी लाल-पांढऱ्या काठ्या रोवल्या, साखळ्या ओढल्या, तिच्या आजीच्या हातचं ताक प्यायलं आणि नुसतं मोजतोय म्हणून निघून गेली. पुढे त्याच भातखाचरांवर धरणाचं पाणी चढलं. तेव्हापासून कोणी काही मोजायला लागलं की रत्नाबाई हातातलं काम टाकून तिथे जाऊन उभी राहते.

अशा बाईला वाडीने नकाशे शिकायला पाठवलं. जंगलावर वाडीचा सामूहिक हक्क मिळावा म्हणून दावा करायचा होता, दाव्याला नकाशा लागत होता, आणि नकाशा वाडीच्या माणसानेच काढावा म्हणून एका संस्थेने घोडेगावात वर्ग भरवला होता. ग्रामसभेत नाव निघालं ते रत्नाबाईचं. शिकलेली पोरं बाजूला ठेवून सगळ्यांनी तिच्यासाठी हात वर केले, कारण तिला गंडवणारा माणूस अजून घाट चढून आलेला नाही, असं सगळ्यांचं म्हणणं पडलं.

शिकवायला तेजस्विनी नावाची मुलगी होती, येडगावची. येडगाव म्हणताच रत्नाबाईचे कान टवकारले. धरणाच्या काठचं गाव, बागायती शेतं, म्हणजे ज्यांच्यापर्यंत पाणी पोचलं त्यांच्यातली ही. पहिल्या दिवशी ती मागच्या भिंतीला टेकून बसली आणि पोरगी बोलते ते सगळं संशयाच्या चाळणीतून गाळत राहिली. पृथ्वीवरच्या प्रत्येक जागेला दोन आकड्यांचा पत्ता असतो, अक्षांश आणि रेखांश. विहीर म्हणजे बिंदू, वाट म्हणजे रेघ, आणि रेघ फिरून जिथून निघाली तिथे येऊन मिळाली की आतलं क्षेत्र. हे सगळे वेगवेगळे थर असतात, पारदर्शक कागद एकावर एक ठेवावेत तसे. रत्नाबाईला हे चटकन कळलं. चटकन कळलं म्हणून तिचा संशय आणखी वाढला.

मग उपग्रहाचं चित्र उघडलं. तेजस्विनीने तिची वाडी शोधून दिली, घर दाखवलं. रत्नाबाईने पडद्याला नाक लावून पाहिलं आणि चोर पकडल्यासारखी मागे वळली. चित्रात गोठा उभा होता, आणि गोठा तर गेल्या पावसाळ्यातच पडला होता. तेजस्विनी न चिडता म्हणाली की चित्र जुनं आहे, म्हणूनच प्रत्येक थरासोबत तो कधीचा आणि कोणी केला हे लिहून ठेवायचं असतं. ज्याच्यासोबत हे नाही, त्या नकाशावर विश्वास ठेवू नका. विश्वास ठेवू नका असं शिकवणारी बाई रत्नाबाईला आयुष्यात पहिल्यांदाच भेटली होती. तिने तोंडावर काही दाखवलं नाही, पण दुसऱ्या दिवशी पुढच्या बाकावर येऊन बसली.

आठवड्याने वाडीची शीव चालायची ठरली. फोन हातात घेऊन शिवेवरून चालायचं, की पावलांची रेघ आपोआप उमटते. फोन रत्नाबाईने कोणाच्या हाती दिला नाही. वाट दाखवायला तिचे चुलत सासरे दादाभाऊ होते. त्यांना शिवेचा दगड न् दगड तोंडपाठ होता. दोघं उन्हातान्हात डोंगर फिरले आणि अंधार पडायच्या आत घरी आले.

घोडेगावात ती रेघ पडद्यावर आली आणि रत्नाबाईचं रक्त उसळलं. वरसूबाईची राई नकाशाबाहेर होती. वाडीच्या देवीची राई, जिच्यातली काटकी मोडायची कोणाची छाती नाही, तीच शिवेच्या पलीकडे राहिली होती. भाकरीचा लचका तोडावा तसा नकाशाचा तेवढा तुकडा गेला होता. नकाशाबाहेर राहिलं ते वाडीचं नाही, एवढं तिला आता पक्कं कळत होतं.

"कुनासाठी काढली राई?" तिने सगळ्या वर्गासमोर विचारलं. "आमचं एकदा पान्यात गेलं. आता ह्ये कुनाला द्यायचंय?"

तेजस्विनीचा चेहरा उतरला. पण तिने रेघ मोठी करून दाखवली. रेघेतल्या प्रत्येक बिंदूला वेळ होती. राईपाशी बिंदूंचा पुंजका झाला होता, आणि तिथून रेघ राईच्या पुढच्या अंगाने खाली उतरली होती. इथे तुम्ही बराच वेळ थांबलात मावशी, ती म्हणाली, आणि मग अशा गेलात.

रत्नाबाईला सगळं आठवलं. तिथे त्यांनी चपला काढल्या होत्या, देवीला हात जोडले होते. वाडीचं माणूस वरसूबाईच्या पाठीमागून जात नाही. शिवेचे दगड नेमके राईच्या मागे. दादाभाऊंनी काठी उचलून लांबूनच दाखवलं होतं की शीव त्या तिकडनं जाते, तिने मान हलवली होती, आणि दोघं पुढून निघून आले होते. काठीने दाखवलेलं फोनला कसं कळणार? राई तिच्याच पावलांनी बाहेर टाकली होती, आणि फोन सबंध वेळ तिच्याच मुठीत होता.

दाव्याची तारीख जवळ आली होती. देवीच्या मागे जायला वाडीतलं कोणी तयार नव्हतं, आणि रत्नाबाई तर नव्हतीच. वाट काढली ती दादाभाऊंनी. ते म्हणाले, बंदी वाडीच्या माणसाला हाय, पावण्याला न्हाई. त्या येडगावच्या पोरीला चालू दे. मात्र आईच्या पाठीचा फोटू काढायचा न्हाई.

रत्नाबाईला जेवण गोड लागेना. ती पोरगी झाडीत गेल्यावर कुठे वळेल, कुठून परतेल, कोण बघणार? उपग्रहाच्या चित्रात नुसती गच्च झाडी दिसते, खालचा दगड दिसत नाही. वाडीतला एकही माणूस ती रेघ कधी तपासायला जाणार नव्हता. ज्या एका जागेसाठी जीव टाकायचा, नेमकी तीच जागा परक्याच्या हाती सोपवायची होती.

शेवटी तिने आपल्या स्वभावाला धरून तोड काढली. राईमागे शिवेचे दगड दोन आहेत, हे दादाभाऊंनी वडिलांकडून ऐकलं होतं आणि रत्नाबाईने दादाभाऊंकडून. तेजस्विनी आली तेव्हा रत्नाबाईने तिला सांगितलं, दगड तीन हायेत. तिन्हीला हात लावून ये. तिसरा सापडला म्हणून सांगत आली तर पोरगी खोटी, हा हिशेब साधा होता. दादाभाऊंनी सुनेकडे एकदा पाहिलं आणि ते राईकडे बघू लागले. कोणी न सांगता तेजस्विनीने चपला काढल्या, फोन घेतला आणि ती झाडीत दिसेनाशी झाली.

रत्नाबाई राईसमोर बसली. चपलांची जोडी शेजारी पडून होती. पहिल्यांदा ती मनाशी म्हणाली, बघू आता काय थाप मारते. मग बराच वेळ झाला. मग त्याहून वेळ झाला. राईच्या मागे कडा आहे, हे तिला तेव्हा आठवलं. नसलेला दगड शोधत पोरगी कड्याच्या कडेला वाकत असणार. रत्नाबाई उठली, हाक मारायला तोंड उघडलं, पण देवीच्या दारात मोठ्याने हाका मारायच्या नसतात. ती पुन्हा खाली बसली.

तेजस्विनी आली ती पायाच्या नळ्या करवंदीने ओरबाडून घेऊनच. डोळे पाणावले होते. "दोनच सापडले, मावशी," ती म्हणाली. "कड्याच्या तोंडापर्यंत बघितलं. चुकलं माझं काहीतरी."

रत्नाबाईने तिला पाणी दिलं. चपला उचलून तिच्या पायांपुढे ठेवल्या.

पुढच्या वर्गाला नवी रेघ जुन्या रेघेला जोडली गेली आणि राई नकाशात आली. कोण चाललं, कधी चाललं, हे रकाने भरून झाले. शेवटी शेऱ्याच्या रकान्यात तेजस्विनीने एक ओळ टाइप केली. रत्नाबाईने ती वाचून दाखवायला सांगितली. राईमागचा तिसरा सीमादगड आढळला नाही, असं लिहिलं होतं. ही ओळ दाव्यासोबत गेली की उद्या कोणीतरी साहेब बोट ठेवणार, तुमची शीव तुम्हालाच सापडत नाही म्हणणार.

"खोड ते," रत्नाबाई म्हणाली. "तिसरा दगड न्हाईच तिथं. तुला बघाया म्हनून म्या खोटं सांगितलं व्हतं."

तेजस्विनीने खाली वाकून आपल्या पायांवरचे ओरखडे पाहिले. तिला राग आला होता, आणि तो तिने लपवला नाही. मग तिने ती ओळ पुसली. रत्नाबाईने विचारलं की राईमागच्या रेघेला चालणाऱ्याचं नाव कोणाचं टाकलंय. तुमचं, असं उत्तर आलं, नकाशा वाडीच्या माणसाचाच हवा ना.

"तुझं टाक. गाव बी टाक, येडगाव. ती रेघ तुझ्या पायाची हाय."

त्या दिवशी दोघी बसस्टँडपर्यंत बरोबर आल्या. तेजस्विनीची मंचरची गाडी यायला अवकाश होता. धूळ उडवत एक एसटी येऊन थांबली. पाटी चिखलाने भरलेली, अक्षर लागत नव्हतं. तेजस्विनी म्हणाली, हीच तुमची, आहुपेची. रत्नाबाईने पिशवी उचलली आणि ड्रायव्हरकडे न बघता ती चढून बसली.