रिकामा कॅमेरा

शिवणवाल्या बाईंबद्दल लिहायला बसलोय खरा, पण त्यांचं गावसुद्धा मला ठाऊक नाही. चार वर्षं एका छताखाली काम केलं, तेवढीच ओळख.

बंद पडलेल्या छापखान्याच्या माळ्यावर आमचे सिनेमे व्हायचे. थिएटरात ते लागत नसत. तळघरात चादर टांगून दाखवायचे, तरी जिन्यावर मुंगीला जागा नसे. आमच्या दिग्दर्शकाच्या सिनेमात पाच मिनिटं दिसलेला माणूस महिनाभर रस्त्यात ओळखला जाई.

बाई कपडे शिवायच्या. हसताना तोंडावर हात धरायच्या. शिवणारी माणसं दोरा दातांनी तोडतात, बाई म्हणायच्या, "कात्री द्या, भाऊ." त्यांना कवळी होती. एकदा नळावर ती धुताना मी त्यांना पाहिलं. "तुमच्यापाशीच राहू द्या हं," एवढंच म्हणाल्या.

नव्या माणसाची भीड चेपावी म्हणून आधी रिकामा कॅमेरा फिरवायची आमची रीत. फिल्म भरणं माझं काम. एके दिवशी छोट्याशा कामासाठी बाईंना कॅमेऱ्यासमोर खुर्चीत बसवलं, तेव्हा दिग्दर्शक माझ्या कानाशी लागला. "भरलेला ठेव. बोलू नकोस. सिनेमाच्या सुरुवातीच्या पाटीवर तुझं नाव टाकतो."

बाईंनी माझ्याकडे पाहिलं. "रिकामाच ना, भाऊ?"

मी मान डोलावली.

"मग बघा तुमच्या हिरॉइनबाईंचा तोरा!"

त्यांनी कवळी काढून मुठीत घेतली, गाल आत ओढले आणि असा मुरका मारला की सगळे पोट धरून हसले. बाईही हसल्या, तोंडावर हात न धरता.

सिनेमा गाजला तो तेवढ्यावरच. भिंतीभिंतीवर त्यांच्या बोळक्या तोंडाची पोस्टरं लागली. कॉलेजातली पोरं रस्त्यात अडवायची, "आजी, तोरा दाखवा की!" पाटीवर माझं नाव आलं. मी ते दोनदा जाऊन पाहिलं.

बाई शिवणयंत्र न्यायला आल्या.

"मावशी, अख्खं शहर ओळखतं तुम्हाला!" दिग्दर्शक म्हणाला.

"म्हणून तर लेकीकडे चाललेय."

आता मला विचारतील, असं वाटलं. मी उत्तर जुळवून ठेवलं होतं. त्यांनी माझ्या शर्टाकडे पाहिलं.

"बटण लोंबतंय. उभे राहा."

चार टाके घातले, गाठ मारली आणि हात पुढे केला.

"कात्री द्या."

"ही घ्या, बाई."